घरातल्या 'सिनेमातल्या आजी'चा शोध कसा घ्यायचा, तेही नाशिकमध्ये बसून

आमच्या घरात एक वाक्य कायम ऐकू यायचं, लग्नात, बाराव्याला, दिवाळीच्या फराळाला, कुठेही. "आपली मावशीआजी बोलपटात होती हं, सात सिनेमे केलेत तिने, फाळक्यांच्या सिनेमात पण होती." मावशीआजी म्हणजे माझ्या आजीची धाकटी बहीण. सातातल्या एकाही सिनेमाचं नाव कुणाला धड सांगता यायचं नाही, पण सात हा आकडा मात्र पक्का. मी दीड वर्ष यामागे लागले आणि हातात आले अडीच. अडीच कसे ते पुढे येईलच. पण या दीड वर्षात ज्या चुका केल्या त्या तुम्ही करू नका म्हणून हे लिहितेय, कारण 1931 ते 1940 मधल्या अशा दोन-तीन सिनेमे करून गायब झालेल्या बायका महाराष्ट्रात घरोघरी निघतील, आणि त्यांच्याबद्दल गुगलवर एक ओळ पण नसते.

आधी एक गोष्ट डोक्यातून काढून टाका, ती म्हणजे सिनेमा बघायला मिळेल ही आशा. पहिला बोलपट आलमआरा, 14 मार्च 1931 ला गिरगावातल्या मॅजेस्टिकला लागला, एवढा गाजला, आणि आज त्याची एकही प्रिंट कुठे असल्याचं माहीत नाही. जिथे त्याची ही गत तिथे आपल्या मावशीआजीचं काय घेऊन बसलात. तेव्हाची फिल्म नायट्रेटची, पटकन पेट घेणारी, आणि जी जळली नाही ती आपोआप सडली नाहीतर चांदीसाठी वितळवली गेली. 2003 च्या जानेवारीत पुण्यात आग लागली त्यात प्रभात फिल्म कंपनीच्या पण जुन्या नायट्रेट रिळांचं नुकसान झालं. त्यामुळे शोधायचा तो कागद. सिनेमा गेला तरी त्याचा कागद कुठेतरी उरलेला असतो, गाण्यांची चोपडी, पेपरातली जाहिरात, रेकॉर्डचं लेबल, फोटोच्या मागचा स्टुडिओचा शिक्का.

सुरुवात घरातल्या म्हाताऱ्या माणसांपासून करा आणि उद्या नाही, आजच करा. पण "कोणते सिनेमे केले?" हा प्रश्न विचारू नका, त्याचं उत्तर कायम चुकीचं येतं. त्याऐवजी विचारा की ती कुठे राहायची तेव्हा, कोल्हापूरला, पुण्याला की मुंबईला, आणि महिन्याचा पगार घरी यायचा का. हे का, तर तेव्हा कलाकार कंपनीच्या पगारावर असायचे, आजच्यासारखं एका सिनेमाला एवढे असं नव्हतं, त्यामुळे गाव कळलं की कंपनी कळते आणि कंपनी कळली की वर्षं कळतात. प्रभात 1929 ला कोल्हापुरात निघाली आणि 1933 ला पुण्याला गेली. मग कुणी म्हणालं की ती प्रभातमध्ये होती आणि कोल्हापूरला राहायची, तर तो काळ 33 च्या आधीचा. प्रभात गेल्यावरचं कोल्हापूर असेल तर कोल्हापूर सिनेटोन किंवा नंतर हंस पिक्चर्स बघायचं. मुंबई असेल तर इम्पीरियल, रणजित, सागर, वाडिया, मोठा गोतावळा आहे, तिथे वेळ लागतो. दुसरा प्रश्न, ती गायची का? हा सगळ्यात कामाचा, त्याचं कारण नंतर सांगते.

आणि रेकॉर्डिंग करा मोबाईलवर, परवानगी घेऊन. माझ्या मामाने "ती चिंचवडला फणस घेऊन गेली होती" असं काहीतरी सांगितलं, मी हसण्यावारी नेलं, लिहून नाही घेतलं. आता मामा नाहीत, आणि चिंचवडला तेव्हा कोण होतं ते कधीच कळणार नाही.

आता नाशिककरांसाठी खास इशारा. आपल्याकडे सिनेमा म्हटलं की फाळके, आणि त्यात चूक काही नाही, दादासाहेब त्र्यंबकेश्वरचे, 1918 ला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी इथे नाशिकला उभी केली, 1944 ला गेले ते पण इथेच, पांडवलेणीच्या पायथ्याशी स्मारक आहे. त्यामुळे नाशिकच्या ज्या घरात कुणी सिनेमात होतं त्या घरात ते "फाळक्यांच्या सिनेमात" होतं असं आपोआप जोडलं जातं. पण जरा थांबा आणि हिशोब करा. नाशिकच्या कंपनीचे सिनेमे मूकपट. फाळक्यांच्या सेतुबंधन या मूकपटाला आवाज नंतर जोडला गेला. फाळक्यांनी बोलपट म्हणून केलेला सिनेमा एकच, गंगावतरण, 1937 चा, आणि तो कोल्हापूर सिनेटोनसाठी. म्हणजे "आजी फाळक्यांच्या सिनेमात गायली, नाशिकमध्ये" हे वाक्य तसंच्या तसं खरं असूच शकत नाही. आमच्याकडे काय होतं, मोठ्या मामाचा जन्म 1937 चा, बाळंतपण नाशिकला पंचवटीत झालेलं, आणि मावशीआजी त्या वर्षी कोल्हापूरला गेलीच नव्हती हे सुईणीपासून सगळ्यांना ठाऊक. झालं, सातातला एक गेला. घरात दोन दिवस अबोला होता माझ्याशी.

ही बाळंतपणाची युक्ती मात्र लक्षात ठेवा. एक्सेल शीट करा, एका रकान्यात वर्षं, दुसऱ्यात घरातल्या घटना म्हणजे लग्न, मुलांचे जन्म, कुणाचा मृत्यू, घर बदललं ते, आणि तिसऱ्यात सिनेमा. रेशनकार्ड, शाळेचा दाखला, जुनी पत्रिका, जे सापडेल त्यावरून भरा. सिनेमा लागला त्याच्या चार-सहा महिने आधी शूटिंग झालेलं असतं हे धरा. बऱ्याच गोष्टी तिथल्या तिथे निकालात निघतात.

मग नाव. इथे माझे पहिले चार महिने वाया गेले. मी घरातल्या नावाने शोधत बसले आणि पडद्यावरचं नाव वेगळंच होतं. तेव्हा हे सर्रास चालायचं, कधी घराण्याचं नाव खराब होऊ नये म्हणून, कधी कंपनीला नाव जुनाट वाटलं म्हणून. आपल्या येवल्याच्या ललिता पवार घ्या, जन्मनाव अंबा, मूकपटात सुरुवातीला अंबू म्हणून झळकल्या. हंसा वाडकर मूळच्या रतन साळगावकर. शांता हुबळीकर मूळच्या राजम्मा. आता तुम्ही राजम्मा या नावाने शोधत बसलात तर तुम्हाला काही मिळणार नाही. काही वेळा तर आडनावच नसतं, संत तुकाराममध्ये तुकोबांची बायको जिने केली ती नामावळीत नुसती 'गौरी'. मिस अमुक, कुमारी तमुक, नावापुढे बाई किंवा देवी, हे सगळे प्रकार करून बघा.

उलटा धोका पण आहे, एकाच नावाच्या दोघी. सुलोचना म्हटलं की आपल्या डोळ्यापुढे मराठीतल्या सुलोचनादीदी येतात पण 1930 च्या आसपास सुलोचना म्हणजे रूबी मायर्स, इम्पीरियलची मोठी स्टार. जुबेदाचं पण तसंच, आलमआराची जुबेदा वेगळी आणि नंतरची जुबेदा बेगम वेगळी, इंटरनेटवर दोघींचे फोटो सर्रास एकमेकींच्या नावावर फिरतात. आमच्या सातातला आणखी एक असाच गेला, पहिलं नाव तेच पण बाई गुजराती निघाली, फोटो मिळाल्यावर मावशीआजीच्या मुलीने एका सेकंदात सांगितलं, "ही आई नाही, आईच्या हनुवटीवर गोंदण होतं."

आता कागद कुठे शोधायचा ते.

सगळ्यात भारी कागद म्हणजे गाण्यांची चोपडी. थिएटरात एक-दोन आण्याला मिळायची, पातळ, सात-आठ पानी, त्यात गोष्टीचा सारांश, गाणी आणि कलाकारांची नामावळ, कोणी कोणतं पात्र केलं त्यासकट. माझ्या दृष्टीने हा जवळजवळ जन्मदाखलाच. बुधवारच्या बाजारात गंगेवर, म्हणजे आपल्या गोदावरीकाठी, रद्दीवाले बसतात तिथे मला एकदाच मिळाली, तीही पन्नासच्या दशकातली, पण पुण्याचा जुना बाजार आणि मुंबईचा चोरबाजार इथे जास्त चान्स आहे. किंमत मात्र आता आण्यात नसते, विकणाऱ्याला कळलं की तुम्हाला हवीय तर संपलंच, त्यामुळे चेहरा निर्विकार ठेवून आधी शेजारचं पंचांग हातात घ्यायचं. चोपडी मिळाली की आधी किंमत बघा. आणे असतील तर साधारण 1957 च्या आधीची, कारण नये पैसे 57 च्या एप्रिलपासून आले. नये पैसे असतील तर सिनेमा परत लागला तेव्हाची छपाई, आणि त्यात नामावळ काटछाट केलेली असू शकते. छापखान्याचं नाव खाली बारीक अक्षरात असतं ते पण टिपून ठेवा, छापखान्याच्या गावावरून सिनेमा कुठे कुठे फिरला याचा अंदाज येतो.

आणि इथे येतो तो अडीचचा हिशोब. प्रभात वगैरे कंपन्या एकच सिनेमा मराठीत आणि हिंदीत दोन्हीकडे काढायच्या, तोच सेट, बऱ्याचदा तेच कलाकार, संवाद दोनदा. अयोध्येचा राजा आणि अयोध्या का राजा, 1932. कुंकू आणि दुनिया न माने, 1937. माणूस आणि आदमी, 1939. बाहेरगावचा माणूस मोजताना दोन मोजतो, घरचे तर मोजतातच. आमच्या मावशीआजीच्या खात्यावर असे दोन जोड होते, म्हणजे चार नावं आणि सिनेमे दोन. आता कुणी म्हणेल दोन भाषांत दोनदा काम केलं तर दोन का नाही धरायचे, तर धरा बापडे, पण लिहिताना तसं स्पष्ट लिहा. मी तरी दोनच धरले. सात वजा फाळके, वजा गुजराती बाई, राहिले पाच, चाराचे झाले दोन, आणि उरलेला एक होता तो अर्धा. तो अर्धा असा की पेपरातल्या आगामी चित्रपटाच्या जाहिरातीत तिचं नाव ठळक आहे आणि सिनेमा लागला तेव्हाच्या चोपडीत त्याच पात्रासमोर दुसरीचं नाव. मध्ये काय झालं देव जाणे. काम अर्धवट सोडलं, आजारी पडली, भांडण झालं, काहीही. म्हणून जाहिरात हा पुरावा धरू नका, जाहिरात म्हणजे कंपनीची इच्छा.

घरबसल्या काय होतं ते पण सांगते. हिंदी असेल तर कानपूरच्या हरमंदिर सिंग हमराज यांचा हिंदी फिल्म गीत कोश, त्याचा पहिला खंड 1931 ते 1940 चा, वर्षवार प्रत्येक सिनेमा, कलाकार, गाणी. मराठी आवृत्ती त्यात नसते पण तिची हिंदी बहीण असते, तिथून दुवा लागतो. राजाध्यक्ष आणि विलेमन यांचा इंग्रजीतला भारतीय सिनेमाचा जाडजूड कोश कंपन्यांचा इतिहास समजायला उत्तम, पण त्यात प्रत्येक छोटी नटी असेल अशी अपेक्षा नको. इंडियनसिने डॉट एमए वर जुन्या सिनेमांची वर्षवार यादी आहे आणि काही बघायला पण मिळतात. बाबूराव पटेलांचं फिल्मइंडिया मासिक 1935 पासूनचं, त्याचे बरेच अंक इंटरनेट आर्काइव्हवर स्कॅन करून टाकलेत, फुकट. बाबूरावांची जीभ तिखट, एखादीला एका ओळीत फाडून ठेवलेलं असतं, घरच्यांना दाखवण्याआधी विचार करा.

शोधताना स्पेलिंगचा घोळ होतो. इंग्रजी पेपरात तेव्हा पुणे नव्हतं पूना होतं आणि आपलं नाशिक एच शिवाय लिहायचे, आजच्या स्पेलिंगने शोधलं तर शून्य रिझल्ट. मराठी छपाईत नांव, कांहीं असे अनुस्वार असायचे आणि जुना टाइप कॉम्प्युटरला नीट वाचता येत नाही, त्यामुळे मराठीत सर्च बॉक्सवर विसंबू नका, पान न पान डोळ्याने बघावं लागतं. चहा घेऊन बसायचं. मी रोज रात्री जेवण झाल्यावर वीस पानं बघायचे, त्याहून जास्त बघितली की डोळे सगळीकडे तिचंच नाव वाचायला लागतात.

प्रत्यक्ष जायचं तर आधी आपलं सार्वजनिक वाचनालय, सावाना, टिळक पथावरचं. 1840 चं आहे, मुंबई-पुण्याच्या लोकांना सांगितलं तर खरं वाटत नाही. किर्लोस्कर, स्त्री, मनोहर, मौज यांच्या जुन्या फायली जिथे मिळतील तिथे चाळा, सिनेमाची पानं त्यात असतातच आणि जाहिराती तर सोडूच नका, साबणाच्या जाहिरातीत सुद्धा नटी निघते. आणि नाशिककरांचा हक्काचा माल म्हणजे रसरंग साप्ताहिक, गावकरी दैनिकवाल्यांचं, इथूनच निघायचं. त्यात जुन्या कलावंतांच्या आठवणी भरपूर यायच्या, विसरल्या गेलेल्या माणसांना शोधून काढून लिहिलेलं असायचं. कुणाच्या माळ्यावर गठ्ठा असेल तर रद्दीत देण्याआधी एकदा विचारा प्लीज. एका दुसऱ्या ठिकाणी (नाव घेत नाही) मला "सिनेमाच्या पुस्तकांसाठी एवढं काय" म्हणून परत पाठवलं होतं. तिसऱ्या खेपेला मी "कौटुंबिक इतिहासाचं संशोधन" असं म्हणाले तर खुर्ची आणि पंखा दोन्ही मिळालं. शब्द जपून वापरा.

पुण्याला लॉ कॉलेज रोडवर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, 1964 पासूनचं. तिथे चोपड्या, पोस्टर्स, स्थिरचित्रं यांचा मोठा साठा आहे. पण सकाळच्या एसटीने जाऊन थेट धडकू नका, आधी ईमेल करा आणि त्यात सिनेमाचं नाव आणि वर्ष लिहा. "माझ्या आजीबद्दल काही आहे का" असं लिहिलंत तर ते बिचारे काय शोधणार, तिथे नोंदी सिनेमाच्या नावाने सापडतात, आजीच्या नाही. म्हणून पुणे शेवटी, आधी घरची आणि नाशिकची कामं.

आता गाण्याचं. बोलपटाच्या पहिल्या चार-पाच वर्षांत कॅमेऱ्यासमोर जी उभी तीच गायची, वाजवणारे कुठेतरी झाडामागे नाहीतर पडद्याआड लपून. पार्श्वगायन 1935 ला कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने आणलं, धूप छांवमध्ये, आणि हळूहळू सगळीकडे पसरलं. याचा आपल्या शोधाला दुहेरी फायदा. एक, तुमची आजी 32-33 च्या सिनेमात असेल आणि तिच्या पात्राला गाणं असेल तर तो आवाज बहुतेक तिचाच, म्हणजे 78 आरपीएमच्या जुन्या तबकड्या जमवणाऱ्या रेकॉर्डवाल्यांकडे पण शोधा, सिनेमा गेला असला तरी तीन मिनिटांचा आवाज उरलेला असू शकतो. रेकॉर्ड जमवणारे लोक फार चांगले असतात, थोडे विक्षिप्त, पण लेबलचा फोटो मागितला तर देतात. दोन, एखादी 36-37 नंतर एकदम दिसेनाशी झाली तर कारण कदाचित तेच, आवाजावर घेतलेली होती आणि आता आवाज दुसरीचा चालणार होता. किंवा उलट, चेहरा होता पण आवाज आणि उर्दू उच्चार नव्हते. घरात मात्र कारण एकच सांगतात, "लग्न झालं म्हणून सोडलं." असेलही. पण आमच्याकडे लग्न शेवटच्या सिनेमाच्या दोन वर्षं आधीचं निघालं, नवरा तिला घेऊन स्वतः कोल्हापूरला जायचा, आणि सोडलं ते कंपनी बसली तेव्हा. पगार थकला, दुसरीकडे कुणी बोलावलं नाही, संपलं. हे ऐकून आमच्याकडे जरा वाईट वाटलं सगळ्यांना, लग्नासाठी त्याग केला हे ऐकायला बरं वाटायचं ना. तेव्हाच्या स्टुडिओतली परिस्थिती बाईच्या तोंडून ऐकायची असेल तर शांता आपटे यांचं जाऊ मी सिनेमात? आणि दुर्गा खोटे यांचं आत्मचरित्र दोन्ही मिळवून वाचा, दोघी एकाच काळातल्या आणि सूर किती वेगळा.

सिनेमानंतरचं आयुष्य शोधायला मात्र आपल्याकडे एक सोय आहे जी मुंबईवाल्यांना सुचणार नाही. रामकुंडावरचे आणि त्र्यंबकचे तीर्थपुरोहित. यात्रेला, अस्थी घेऊन, नारायण नागबळीला कोण कुठून आलं, वडील कोण, आजोबा कोण, हे त्यांच्या वह्यांमध्ये आडनावाने आणि मूळ गावाने लावलेलं असतं, सही किंवा अंगठ्यासकट. नटीचं खरं आडनाव आणि मूळ गाव कळलं असेल तर त्या गावाची वही ज्या गुरुजींकडे आहे त्यांच्याकडे जा. पितृपक्षात आणि कुंभाच्या गर्दीत जाऊ नका, एरवी दुपारी जरा निवांत असतात. दक्षिणा द्या आणि फोटो काढायच्या आधी विचारा, काहींना नाही चालत. मला मावशीआजीच्या सासरची नोंद अशीच मिळाली. तिच्या नावापुढे सिनेमाबिनेमा काही नाही, नुसतं अमक्याची बायको, मुलं तीन.

मिळालेल्या कागदाला सेलोटेप लावू नका, लॅमिनेशन तर अजिबात नाही, माझ्या चुलतभावाने एका फोटोचं लॅमिनेशन केलं आणि मागचा स्टुडिओचा शिक्का कायमचा धुरकट झाला. मागे लिहायचं तर मऊ पेन्सिलने, कडेला. मोबाईलवर फोटो काढताना खिडकीपाशी सावलीत काढा, फ्लॅश नको. आणि प्रत्येक फोटोसोबत कुठून मिळाला, कुणी दिला, कोणत्या तारखेला, हे लगेच लिहा, सहा महिन्यांनी आठवत नाही.

ऑनलाइन टाकण्याआधी तिच्या मुलांना विचारा हे मात्र नक्की. काही घरांमध्ये अजून ते लपवायचंच प्रकरण आहे आणि तो त्यांचा हक्क आहे. मी मावशीआजीच्या मुलीला चोपडीचं पान पाठवलं व्हॉट्सअ‍ॅपवर, त्या आता ऐंशीच्या पुढे. निळ्या टिका आल्या, दोन दिवस काही नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी फोन, "अगं बघितलं. पण तो पावसातला कुठे आहे? ज्यात आई पायरीवर बसून रडते?" मी म्हटलं नाव काय त्याचं, तर म्हणाल्या नाव नाही आठवत, पण इथल्या शालिमार भागापासून चालत जाऊन बघितलेला, मी बाबांच्या खांद्यावर होते. शीटमध्ये आठवी ओळ घातलीय, नावाच्या रकान्यात सध्या 'पाऊस, पायरी' एवढंच आहे, आणि उद्या परत सावानात.